खालच्या विभागातला एक हंगाम



ज्या शाळेच्या बाकावर बसून मी बाराखडी पक्की केली, त्या शाळेने मला आज व्यासपीठावर बोलावले, हा मी माझा बहुमान समजतो. आपल्या व्यायामशिक्षकांच्या स्मरणार्थ चालणाऱ्या या व्याख्यानमालेत आजवर विद्वान वक्ते बोलून गेले आहेत. संस्थेने मला विषय सुचवला होता 'सोहिरोबानाथ आंबिये यांची कविता'. माझ्या अभ्यासाचा विषय, आणि पेडण्याच्या मातीशी नाते असलेला. मी होकारही कळवला होता. परंतु दीड महिन्यापूर्वी गुरुजींच्या घरून एक वही माझ्याकडे आली आणि विषय बदलण्याची परवानगी मला मागावी लागली. ती परवानगी दिल्याबद्दल मी अध्यक्षांचा आभारी आहे.

वही साधी आहे. पुठ्ठ्याला कसर लागली आहे. पहिल्या पानावर 'हंगाम 1983-84' एवढेच लिहिलेले आहे. आत आपल्या गावच्या फुटबॉल संघाने त्या वर्षी खालच्या विभागात खेळलेल्या सात सामन्यांची नोंद आहे. मराठीचा प्राध्यापक फुटबॉलवर बोलणार म्हटल्यावर काहींनी भुवया उंचावल्या असतील. त्यांना मी दोष देत नाही. चाळीस वर्षांपूर्वी मीही भुवया उंचावणाऱ्यांतलाच होतो, आणि आजच्या व्याख्यानाचे खरे कारण तेच आहे.

प्रथम थोडा इतिहास. गोव्यात फुटबॉल आणण्याचे श्रेय फादर विल्यम रॉबर्ट लायन्स या धर्मगुरूंना दिले जाते. साल 1883, गाव शिवोली. आपल्यापैकी किती जणांनी या गोष्टीचा भूगोल ध्यानात घेतला असेल? शिवोली म्हणजे शापोरा नदीचा पलीकडचा काठ. अलीकडे चोपडे, म्हणजे आपला पेडणे तालुका. मधे पूर्वी फेरीबोटीची काही मिनिटांची वाट असे. चेंडू पलीकडच्या काठावर उतरला, बार्देशात रुजला, तिसवाडीत आणि सासष्टीत पसरला. पण ही नदी ओलांडून आपल्या गावात यायला त्याला सत्तर-ऐंशी वर्षे लागली.

असे का झाले? बार्देश, तिसवाडी, सासष्टी या जुन्या काबिजादी. तेथे चर्च होते, चर्चची शाळा होती, शाळेपुढे पटांगण होते आणि मुलांना खेळायला लावणारा पाद्री होता. पेडणे, डिचोली, सत्तरी या नव्या काबिजादी. हे तालुके पोर्तुगीजांच्या हाती आले तेच मुळी अठराव्या शतकाच्या अखेरीस. येथे देऊळ होते, देवळासमोर मांड होता, मांडावर धालो आणि दशावतार होते. मुले आट्यापाट्या, हुतूतू, विटीदांडू खेळत. शिकायचे तर मराठीतून शिकायचे, आणि त्यासाठी सावंतवाडी-बेळगावची वाट धरायची. फुटबॉलचा जो रस्ता होता, त्या रस्त्यावर आपले गाव नव्हतेच. खेळालाही जात्याच धर्म नसतो. पण तो ज्या दारातून येतो त्या दाराचा रंग त्याला काही काळ चिकटून राहतो.

मुक्तीनंतर हे बदलले. 1963 साली मुख्यमंत्री झालेले दयानंद बांदोडकर हे पेडण्याचे सुपुत्र. त्यांच्या काळात खेड्यापाड्यांत शाळा निघाल्या. शाळा आली की तिच्याबरोबर घंटा येते, हजेरीपट येतो आणि एक व्यायामशिक्षक येतो. बांदोडकरांच्या नावाचा सुवर्ण चषक पुढे फुटबॉलमध्येच गाजला, हाही एक योगायोग. आपल्या शाळेत जे व्यायामशिक्षक आले, त्यांनी सोबत एक कातडी चेंडू आणला. पटांगण नव्हते. गुरुजींनी कापणी झालेला सरद शेताचा मळा मागून घेतला. भाताचे खुंट पायाला टोचत. मेरा हीच आमची सीमारेषा. दोन्ही टोकांना माडाच्या दोन-दोन झावळ्या रोवल्या की गोल तयार. ज्यांच्या शेतात खेळायचे त्यांची एकच अट होती : मेर मोडायची नाही.

गोवा फुटबॉल असोसिएशनची स्थापना 1959 सालची, म्हणजे पोर्तुगीज अमदानीतली. राज्याच्या लीगची रचना पायऱ्यांची आहे. आज वर प्रो-लीग, तिच्याखाली प्रथम, द्वितीय आणि तृतीय विभाग. वरच्या पायरीवर कोण असतात ते सर्वांना ठाऊक आहे. साळगावकर आणि धेंपो यांनी राष्ट्रीय विजेतेपदे मिळवली, चर्चिल ब्रदर्सने मिळवली. खालच्या पायऱ्यांवर गावे असतात. तेथे तिकीट नसते, वर्तमानपत्राचा बातमीदार नसतो. सामन्याचा निकाल छापून आलाच, तर बारीक टाइपातल्या एका ओळीत.

ही काही आपल्याकडचीच गोष्ट नव्हे. बाल्कन प्रदेशात सर्बिया नावाचा देश आहे, सुमारे 66 लाख वस्तीचा. तेथेही वर सुपर लीग, तिच्याखाली पहिली लीग, मग व्होयव्होदिना, बेलग्रेड, पश्चिम आणि पूर्व अशा चार प्रदेशांच्या लीगा, त्यांच्याखाली झोन लीगा आणि आणखी खाली जिल्ह्यांच्या. त्या देशात हिवाळा खेळ थांबवतो, आपल्याकडे पाऊस थांबवतो. बेलग्रेडच्या रेड स्टार संघाने 1991 साली युरोपियन चषक जिंकला तेव्हा जगाने तो एक संघ पाहिला. त्याच्याखालची ती सगळी उतरंड जगाला दिसली नाही. पण उतरंडीतले खालचे मडके काढून घेतले तर वरचे कोठे राहील, हे कोणत्याही गृहिणीला विचारावे.

आपल्या उतरंडीत आणखी एक विशेष आहे. लोहखनिज निघाले ते डिचोली तालुक्याच्या डोंगरांतून. ट्रक धुरळा उडवीत धक्क्यावर गेले, बार्जी मांडवीतून मुरगावला गेल्या, आणि त्या पैशावर उभे राहिलेले मोठे संघ वास्को-पणजीत नांदले. डोंगर डिचोलीचा आणि जल्लोष दुसरीकडचा. तक्रार म्हणून मी हे सांगत नाही. खाणमालकांनी फुटबॉलला आश्रय दिला नसता तर कदाचित काहीच उभे राहिले नसते. 1999 साली सेझा गोवाने मुलांसाठी अकादमी काढली, तीही या पैशातूनच. परंतु गावाच्या संघाला जो आश्रय मिळाला तो वेगळा होता. तो कोणा एकाचा नव्हता. वहीतील जमेची बाजू पाहिली की ते कळते. कोणी लिंबे दिली, कोणी बर्फ दिला, कोणी सीमारेषा मारायला चुना दिला. दशावताराच्या एका कालाकाराने आपली रात्रीची बिदागी दिली. एका विधवेने पाच नारळ दिले. 'विकून तीन चेंडूंची पंक्चरे काढली' अशी नोंद आहे.

आता हंगामाकडे येतो. आमच्या गटात आठ संघ होते. प्रत्येकाशी एकदा खेळायचे. विजयाला तेव्हा दोन गुण असत. तीन गुणांची पद्धत नव्वदच्या दशकात रूढ झाली. गटात पहिला येणारा संघ वरच्या विभागात जाणार.

पहिली नोंद अशी : 'हरलो. 0-3. मैदान मोठे. मुले बुटांनी घसरली.' यातले शेवटचे वाक्य नीट ऐकावे. आमच्या संघातल्या बहुतेकांनी त्या दिवशी पहिल्यांदा बूट घातले होते. ते बूट जुने, मापाचे नसलेले, पुढे कापूस भरून बसवलेले. शेतात अनवाणी वाऱ्यासारखी धावणारी मुले हिरवळीवर बुटांत अडखळली. दुसऱ्या सामन्याची नोंद : 'बुटांत आठ दिवस मेरेवर चालवले. जिंकलो. 1-0.'

पुढे तीन विजय आणि एक बरोबरी. नोंदी तशाच तुटक. 'फेरी बंद पडली. होडीने गेलो.' 'पंच वेळेवर. दोन्ही संघ उशिरा. पंचांची क्षमा मागितली.' 'लेफ्ट बॅकच्या घरी कापणी बाकी. सर्वांनी मिळून सकाळी कापली, दुपारी खेळलो. बरोबरी.' मी आयुष्यभर गद्यशैली शिकवली. बखरीचे गद्य, निबंधमालेचे गद्य, नवकथेचे गद्य. पण एका ओळीत कापणी, मैत्री, थकवा आणि निकाल सांगणारे असे गद्य मी फार थोडे वाचले आहे. नोंदीत विशेषण नाही, आणि कोणाचे नाव घेऊन दोष दिलेला नाही. गोल चुकवणाऱ्याविषयी 'चेंडू बाहेर गेला' एवढेच. चूक मुलाची नसून जणू चेंडूची.

त्याच सुमारास गोव्याच्या राज्य संघाने 1983-84ची संतोष चषक स्पर्धा जिंकली. आदल्या वर्षी बंगालबरोबर संयुक्त विजेतेपद होते. आता ते एकट्या गोव्याचे. ब्रह्मानंद शंखवाळकर तेव्हा भारताचे गोलरक्षक होते, देशाच्या संघाचे कर्णधार होते. नव्या काबिजादीतल्या मुलांना हे नाव वेगळ्या तऱ्हेने ऐकू येई. ब्रह्मानंद! हा आपल्या कीर्तनातला, आपल्या पोथीतला शब्द. जो खेळ आपला नाही असे घरची वडीलधारी माणसे म्हणत, त्या खेळात देशाच्या गोलपुढे उभ्या राहिलेल्या माणसाचे नाव ब्रह्मानंद होते. आमच्या संघातील गोलरक्षकाने त्यांचा वर्तमानपत्रातला फोटो कापून वहीच्या पुठ्ठ्याला चिकटवला होता. ती वही माझ्या विषयाची होती. तो मुलगा महाविद्यालयात माझा विद्यार्थी होता.

सहा सामन्यांनंतर आमचे नऊ गुण झाले. पहिल्या क्रमांकावर डिचोली तालुक्यातला, खाणीच्या पट्ट्यातला एक संघ होता; त्याचे दहा. शेवटचा सामना त्यांच्याशीच, त्यांच्याच बाजूच्या मैदानावर, आठवड्याच्या मधल्या वारी, दुपारी चार वाजता. जिंकलो तर अकरा गुण, आणि गाव वरच्या विभागात. बरोबरी चालणार नव्हती.

त्याच दुपारी माझ्या विषयाची चाचणी परीक्षा होती. दोन ते साडेतीन. आदल्या दिवशी तो मुलगा शिक्षककक्षाच्या दाराशी आला. आत आला नाही. म्हणाला, "सर, उद्याची चाचणी मी आज संध्याकाळी देऊ का? किंवा सकाळी लवकर? तुम्ही म्हणाल तेव्हा देतो." मी कारण विचारले. त्याने सांगितले. माझे वय तेव्हा तेहतीस-चौतीस. पीएच.डी.चा प्रबंध नुकताच सादर झालेला. नियम या शब्दावर माझी मोठी श्रद्धा होती. आणि सभ्य स्त्रीपुरुषहो, आज खरे सांगतो, नियमाच्या आड माझी एक नावडही लपलेली होती. मराठीचा अभ्यास करणाऱ्या मुलाने फुटबॉलसाठी चाचणी चुकवावी, हे मला आपल्या विषयाचा अपमान केल्यासारखे वाटले. तो खेळ मला परका वाटे. मी म्हणालो, "कोठे उभे राहायचे ते तुला ठरवावे लागेल." वाक्य मला त्या वेळी चांगले वाटले होते.

त्याने चाचणी दिली. पूर्ण वेळ बसला. पानभर जास्त लिहिले. मग म्हापशाहून बस पकडून अस्नोड्यावरून डिचोलीला गेला. पोचला तेव्हा मध्यंतर झाले होते.

आता वहीतील सातवी नोंद. ती मी प्रथमच दीड महिन्यापूर्वी वाचली. अकरा खेळाडूंची यादी आहे. गोलपुढे आमचा उंच सेंटर बॅक उभा केला होता. खाली 'बदली खेळाडू' या मथळ्याखाली दोन नावे आहेत. त्यातले पहिले त्या मुलाचे. म्हणजे सामना सुरू होताना जो मैदानावर नव्हता, ज्याच्याविषयी कोणालाही खात्री नव्हती, त्याचे नाव गुरुजींनी पंचांच्या हाती दिलेल्या यादीत लिहून ठेवले होते. नाव यादीत नसते तर तो आला असूनही खेळू शकला नसता. त्याला येणे शक्य झाले तर दार उघडे असावे, एवढी तजवीज त्यांनी केली होती.

नोंद पुढे अशी : 'मध्यंतराला 0-2. गोलरक्षक उशिरा पोचला. उत्तरार्धात एक पेनल्टी अडवली. आपला एक गोल. हरलो 1-2. मुले रडली. परतताना फेरीवर सर्वांना चहा.'

'गोलरक्षक उशिरा पोचला.' का पोचला, ते नाही. गुरुजींना कारण ठाऊक होते, हे मला त्या मुलाकडून आता कळले आहे. पुढे कितीतरी वर्षे गुरुजी मला देवळात, लग्नकार्यात भेटत. माझ्या मुलांची चौकशी करीत, माझे नवे पुस्तक मागून वाचीत. त्या सामन्याचा एक शब्दही त्यांनी कधी काढला नाही. मी तो विसरलोही होतो. दोष न लिहिण्याची त्यांची जी रीत चेंडू बाहेर मारणाऱ्यासाठी होती, तीच त्यांनी माझ्यासाठीही पाळली.

आणखी एक गोष्ट सांगितली नाही तर ही कबुली अर्धी राहील. त्या वर्षी दोन चाचण्यांपैकी ज्या चाचणीत अधिक गुण, तीच धरायची असे ठरले होते. त्या मुलाला पहिल्या चाचणीत उत्तम गुण होते. ही दुसरी चाचणी त्याच्या निकालात मोजलीच गेली नाही. हे मला त्या दिवशीही ठाऊक होते.

तो मुलगा असता तर आम्ही जिंकलोच असतो का? ठाऊक नाही. समोरचा संघ चांगला होता, आणि डिचोलीच्या त्या गावाने तो दिवस आपल्या कष्टाने मिळवला होता. खाणीवरची पाळी संपवून आलेली, अंगावर लाल धूळ तशीच असलेली माणसे त्यांच्या बाजूने उभी होती. त्यांच्या विजयात मला काही उणे दाखवायचे नाही. परंतु आपल्या संघाला संपूर्ण सामना खेळायला मिळाला नाही, आणि त्याचे कारण चेंडू नव्हता, फेरी नव्हती, पाऊस नव्हता. कारण मी होतो. पुढच्या हंगामात तीन मुले कामाला बाहेरगावी गेली, आणि वरच्या विभागाच्या इतक्या जवळ आपला संघ पुन्हा आला नाही.

या गोष्टीचे तात्पर्य 'अभ्यासापेक्षा खेळ मोठा' असे कोणी काढू नये. गुरुजींना ते मुळीच मान्य झाले नसते. परीक्षेच्या दिवसांत ते सराव बंद ठेवीत. मला सांगायचे आहे ते निराळे. खालच्या विभागातला हंगाम ही गावाची एक पोथी असते. तिच्यात गाव स्वतःला वाचते. कोणाची कापणी राहिली, कोण आजारी, कोणाला बूट नाहीत, हे सामन्याच्या निमित्ताने सगळ्यांना कळते आणि सगळ्यांचे होते. दशावतारात राजा होणारा माणूस दिवसा शेतात राबतो. आमचा सेंटर फॉरवर्ड आठवडाभर माडावर चढे. दोघांनाही काही तासांपुरते एक रूप मिळते आणि गाव त्या रूपाला मान देते. ही किमया मी दशावतारात ओळखली होती; तिच्यावर निबंध लिहिला होता. शेजारच्या मळ्यात तीच किमया चालली होती, आणि ती मला दिसली नाही, कारण ती माझ्या विषयाच्या भाषेत बोलत नव्हती.

2012 साली गोवा सरकारने फुटबॉलला राज्याचा खेळ म्हणून मान्यता दिली. त्याच साली सप्टेंबरात खाणी बंद झाल्या आणि डिचोलीतले ट्रक दारात उभे राहिले. 2016 मध्ये साळगावकर, धेंपो आणि स्पोर्टिंग क्लब राष्ट्रीय लीगमधून बाहेर पडले. एका हाताने मान मिळाला आणि दुसऱ्या हाताने आधार गेला. आपल्या पेडण्यात मोपाच्या पठारावर विमानतळ आला. 2023च्या जानेवारीपासून तेथून विमाने उडू लागली. जमिनीला सोन्याचे मोल आले, आणि ज्या मळ्यांत भात संपल्यावर मुले खेळत, त्यांपैकी कित्येकांत मातीची भर पडली. मेर मोडायची नाही, ही त्या शेतकऱ्याची अट होती. आता मेरच उरत नाही. विकासाला माझा विरोध नाही. पण या सभागृहात पंच आहेत, जमीनदार आहेत, परदेशी स्थिरावलेले माजी विद्यार्थी आहेत. शाळेच्या नावावर एक मळा कायमचा राखून ठेवता येईल का, एवढाच प्रश्न मी आपणासमोर ठेवतो. या व्याख्यानाचे मानधन आणि माझ्या निवृत्तिवेतनातील तीन महिन्यांची रक्कम मी त्या कामासाठी संस्थेकडे देत आहे.

आणि शेवटी, तो गोलरक्षक. त्याचे नाव मी घेतले नाही. ती त्याचीच अट. पदवीनंतर त्याने खाणीवर ट्रक चालवला. ट्रक उभा राहिल्यावर छोटे दुकान टाकले. आज त्याच्या डोक्याचे केस माझ्याइतकेच पांढरे आहेत. संध्याकाळी तो पाचवी-सहावीच्या मुलामुलींना चेंडू अडवायला शिकवतो. ही गोष्ट सांगण्यापूर्वी मी त्याच्या घरी गेलो, वही दाखवली आणि क्षमा मागितली. तो बराच वेळ सातवे पान पाहत राहिला. मग म्हणाला, "सर, बदली खेळाडूंत माझे नाव होते हे मला ठाऊक होते. म्हणूनच तर मी आलो. नाहीतर म्हापशाहून घरीच गेलो असतो."

ही वही मी आज शाळेच्या स्वाधीन करतो. ग्रंथालयात ती माझ्या पुस्तकांच्या शेजारी न ठेवता, जेथे मुलांचा हात पोचेल अशा खालच्या फळीवर ठेवावी, एवढी विनंती.